चौदा वर्षे थांबण्याची ताकद

११ जुलै १९९७ रोजी सकाळी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात राज्य राखीव पोलीस दलाच्या तुकडीने केलेल्या गोळीबारात दहा माणसे मारली गेली. बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाल्याचे त्या दिवशी सकाळीच लक्षात आले होते आणि वस्तीतले लोक महामार्गावर उतरले होते. जमाव गॅसच्या टँकरना आग लावण्याच्या बेतात होता, असे पोलिसांचे म्हणणे होते. पुढे न्या. गुंडेवार आयोगाने तो गोळीबार असमर्थनीय ठरवला आणि २००९ साली सत्र न्यायालयाने तुकडीच्या प्रमुखाला दोषीही धरले. गोळीबारानंतर चार दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी आपल्या झोपडीत गळफास घेतला. आयुष्यभर डाव्या चळवळीत गायलेल्या या माणसाने मरताना कपाळाला निळी पट्टी बांधली होती. आनंद पटवर्धन यांनी ‘हमारा शहर’ या १९८५च्या अनुबोधपटासाठी घोगरेंचे गाणे चित्रित केले होते, त्यांची ओळख तिथली. त्या निळ्या पट्टीचा अर्थ शोधायला ते कॅमेरा घेऊन निघाले आणि ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण झाला तो २०११ मध्ये. मधे चौदा वर्षे गेली.

या चौदा वर्षांचा उल्लेख बहुधा दिग्दर्शकाच्या चिकाटीचे कौतुक म्हणून होतो. मला तो पद्धतीचा प्रश्न वाटतो. हाच चित्रपट १९९८ मध्ये पुरा झाला असता, तर तो एका गोळीबाराविषयीचा, प्रामाणिक आणि संतप्त, पण गोळीबारापुरताच चित्रपट झाला असता. २०११ पर्यंत थांबल्यामुळे त्यात आयोगाचा अहवाल आला, रेंगाळलेला खटला आला, दोषी ठरलेल्या अधिकाऱ्याच्या शिक्षेचे पुढे काय होते ते आले, २००६चे खैरलांजी आले, रिपब्लिकन राजकारणाची फाटाफूट आणि त्यातल्या नेत्यांची नवी घरोब्याची ठिकाणे आली, आणि अखेरीस घोगरेंची गाणी नव्याने गाणारी कबीर कला मंचाची तरुण मुले आली, जी चित्रण संपता संपता भूमिगत झाली. दुर्बल समूहांवरचा अन्याय हा आघाताच्या क्षणापेक्षा त्यानंतरच्या तारखा, जामीन, बदल्या, फायली आणि विस्मरण यांतून अधिक घडतो, हे विधान लेखात करणे सोपे असते. पडद्यावर ते सिद्ध करायचे, तर माणसे त्या प्रक्रियेत म्हातारी होताना दिसावी लागतात, आणि त्यासाठी कॅमेऱ्याला तितकाच काळ तिथे जावे लागते.

माझी चिंता या थांबण्याच्या क्षमतेविषयी आहे. वंचित समूहांवरचे अनुबोधपट आज संख्येने कमी होत आहेत, असे मी म्हणत नाही, आणि आजच्या दिग्दर्शकांमध्ये निष्ठा कमी आहे असे तर मुळीच नाही. म्हणणे एवढेच आहे की दीर्घ काळ एखाद्या वस्तीशी बांधील राहून काम करणे ज्या आर्थिक, कायदेशीर आणि सामाजिक आधारांवर शक्य होत होते, ते आधार एकेक करून ढासळत आहेत. हे ढासळणे सावकाश चालले असल्यामुळे त्याचा परिणाम दिसायला आणखी दहा-पंधरा वर्षे लागतील, आणि तोवर दुरुस्तीची वेळ निघून गेलेली असेल.

पैशापासून सुरुवात केलेली बरी, कारण इथे एक गैरसमज फार रूढ आहे. कॅमेरे स्वस्त झाले, संकलन घरच्या संगणकावर होऊ लागले, म्हणून अनुबोधपट काढणे सोपे झाले असे मानले जाते. सोळा मिलिमीटरच्या फिल्मच्या काळात रिळाचा प्रत्येक मिनिट मोजून वापरावा लागे, हे खरे, आणि तो खर्च आता उरला नाही हेही खरे. पण दीर्घकालीन कामातला मोठा खर्च उपकरणांचा कधीच नव्हता. तो दिग्दर्शकाच्या आणि त्याच्या दोन-तीन सहकाऱ्यांच्या उदरनिर्वाहाचा होता, आणि तो उतरलेला नाही. मुंबई-पुण्यात घरभाडे भरून, ज्यातून तूर्त एक पैसाही मिळणार नाही अशा कामावर वर्षानुवर्षे राहणे हे पूर्वीपेक्षा अवघडच झाले आहे. पटवर्धनांनी बव्हंशी स्वतःच्या बळावर, आधीच्या चित्रपटांच्या प्रती विकून आणि मित्रांच्या मदतीने काम केले. महाविद्यालये, संघटना, परदेशी विद्यापीठे कॅसेट आणि पुढे डिस्क विकत घेत. त्या विक्रीतून पुढच्या चित्रणाचा थोडा तरी खर्च निघे. डिस्कचा बाजार संपल्यावर हा लहानसा पण स्वतंत्र झरा आटला आणि त्याची जागा घेणारे दुसरे काही उभे राहिले नाही.

सरकारी बाजूला १९४८ पासून फिल्म्स डिव्हिजन होते. त्या संस्थेविषयी गहिवरण्याचे कारण नाही. तिचे बहुतेक काम सरकारी प्रचाराचे होते आणि ‘जय भीम कॉम्रेड’सारख्या चित्रपटाला तिने हात लावला असता याचा संभव शून्यच. तरीही साठच्या दशकात सुखदेव किंवा एस. एन. एस. शास्त्री यांच्यासारख्यांना तिने जी मोकळीक दिली, तिच्यातून देशाचा आरसा म्हणता येईल असे काही चित्रपट निघाले, आणि अनुबोधपट नावाची एक वेगळी गोष्ट असते, तिला स्वतंत्र कर्मचारी, स्वतंत्र अंदाजपत्रक लागते, ही प्रशासकीय मान्यता तिच्या अस्तित्वात होती. २०२२ मध्ये फिल्म्स डिव्हिजन, पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आणि आणखी दोन संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाल्या. महामंडळ ही कंपनी आहे. कंपनीच्या ताळेबंदात तोट्यातल्या प्रदीर्घ कामाला मुद्दाम जागा राखावी लागते, ती आपोआप राहत नाही, आणि ती राखण्याचे बंधन कोणावरही नाही.

मग पैसा येतो कुठून? मुख्यतः परदेशी निधी आणि महोत्सवांच्या सादरीकरण-मंचांवरून. दिग्दर्शक तिथे काही मिनिटांत आपला विषय मांडतो, छोटी चित्रफीत दाखवतो, आणि समोर बसलेले वाहिन्यांचे व निधीसंस्थांचे प्रतिनिधी त्याला प्रश्न विचारतात. मुख्य पात्र कोण, त्याच्यापुढचा अडथळा कोणता, तीन वर्षांत त्याच्या आयुष्यात काय बदलेल, त्याच्या घरात कॅमेऱ्याला किती मुभा आहे. हे प्रश्न विचारणारी माणसे बहुधा सहृदय असतात आणि त्यांच्या पैशावर उत्तम चित्रपट निघाले आहेत. पण या प्रश्नांना स्वतःचा एक आकार आहे. त्यांच्या साच्यात बसायचे तर जातीची रचना एका व्यक्तीच्या चरित्रात बदलावी लागते. वस्तीचा सामूहिक युक्तिवाद मागे सरतो आणि एका जिद्दी मुलीचा किंवा एकाकी बापाचा प्रवास पुढे येतो. परक्या प्रेक्षकाला समजावे म्हणून संदर्भ सोपे होतात. स्थानिक प्रेक्षकाला जे माहीत असते ते दोनदा सांगितले जाते आणि ज्याच्यावर त्याला वाद घालायचा असतो ते बाहेर राहते.

याची किंमत चित्रपटातल्या माणसांना द्यावी लागते, याचे दोन ठळक दाखले आहेत. कोलकात्याच्या सोनागाछीतल्या मुलांवरच्या ‘बॉर्न इन्टू ब्रॉथेल्स’ला २००५ मध्ये ऑस्कर मिळाले, पण तिथल्या लैंगिक कामगारांच्या दुर्बार या संघटनेने त्यावर आक्षेप घेतला. आपल्या संघटित प्रयत्नांचा त्यात मागमूस नाही, हा त्यातला मुख्य मुद्दा होता. दुसरा दाखला अधिक गुंतागुंतीचा आहे. बुंदेलखंडात २००२ पासून चालणाऱ्या आणि प्रामुख्याने दलित स्त्रियांनी उभ्या केलेल्या ‘खबर लहरिया’ या वृत्तपत्रावरचा ‘रायटिंग विथ फायर’ २०२१ मध्ये सनडान्समध्ये गौरवला गेला आणि पुढच्या वर्षी त्याला ऑस्करचे नामांकन मिळाले. सोहळ्याच्या काही दिवस आधी खुद्द ‘खबर लहरिया’ने निवेदन काढले, की हा चित्रपट आपले चित्र अपुरे रंगवतो, जणू आपण एकाच पक्षाच्या बातम्यांमागे लागलेली संस्था आहोत. दिग्दर्शक जोडी त्या स्त्रियांसोबत काही वर्षे हिंडली होती. तेव्हा नुसता वेळ दिला की प्रश्न सुटतो, असे या दाखल्यावरून म्हणता येत नाही. पूर्ण झालेला चित्रपट कोणाकडे तोंड करून उभा आहे, यावरही बरेच ठरते. ज्यांचे चित्रण केले त्यांनाच तो प्रथम दाखवायचा असेल, तर संकलनाच्या टेबलावर वेगळे निर्णय होतात.

‘हमारा शहर’मध्ये एक प्रसंग आहे. झोपड्या पाडल्या गेल्या आहेत, उघड्यावर बसलेली एक बाई कॅमेऱ्यामागच्या माणसांवर संतापते. तुम्ही येता, गरिबांची चित्रे घेता, नाव कमावता. आमच्या पदरात त्यातून काय पडते, असा तिचा सवाल असतो. त्याला चित्रपटात उत्तर नाही. पण तो काढून टाकलेलाही नाही, आणि माझ्या मते पटवर्धनांच्या कामाचे मोल जोखताना हा निर्णय त्यांच्या कोणत्याही पुरस्काराहून महत्त्वाचा आहे. सादरीकरण-मंचाच्या साच्यात हा प्रसंग टिकला असता का, याची मला शंका आहे, कारण तिथल्या आखणीत पात्र आणि दिग्दर्शक यांच्यातला विश्वास ही गृहीत धरलेली, किंबहुना आधी सिद्ध करून दाखवायची बाब असते.

कायद्याच्या बाजूची परिस्थिती वरवर पाहता जुनीच आहे. १९५२च्या चलच्चित्रपट कायद्यानुसार अनुबोधपटालाही सार्वजनिक प्रदर्शनासाठी प्रमाणपत्र लागते. पटवर्धनांची कारकीर्द म्हणजे न्यायालयात जिंकलेल्या खटल्यांची मालिकाच आहे. बाबरी मशीद पाडली जाण्यापूर्वी पुरा झालेला ‘राम के नाम’ दूरदर्शनवर दिसायला १९९७ उजाडले. ‘पिता, पुत्र और धर्मयुद्ध’ १९९५चा. तो दाखवण्याचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २००६ मध्ये दिला. अकरा वर्षांनी मिळालेला हा विजय तत्त्वाच्या दृष्टीने मोठा असला, तरी ज्या प्रेक्षकाला तो चित्रपट १९९५ मध्ये बघण्याची गरज होती तो प्रेक्षक २००६ मध्ये उरलेला नसतो. विलंब हेच इथे नियंत्रणाचे साधन असते. बंदी घातली की आव्हान देता येते, बातमी होते; प्रलंबित ठेवले की फक्त खर्च वाढतो. पूर्वी प्रमाणपत्र देणाऱ्या मंडळाच्या निर्णयाविरुद्ध अपिलीय न्यायाधिकरण होते, तिथे चित्रपट समजणारी माणसे असत आणि तुलनेने कमी खर्चात दाद मागता येई. एप्रिल २०२१ मध्ये ते न्यायाधिकरण रद्द झाले. आता थेट उच्च न्यायालयात जावे लागते. व्यापारी निर्मात्याला ते परवडते, कारण प्रदर्शनाची तारीख हातची गेल्यास त्याचे कोट्यवधींचे नुकसान असते. वस्तीवर चित्रपट करणारा दिग्दर्शक बहुतेक वेळा अर्जच करत नाही. महोत्सवात आणि बंद दारांआड चित्रपट दाखवून गप्प बसतो. महोत्सवांचाही भरवसा नाही. २००४ मध्ये मुंबईच्या आंतरराष्ट्रीय अनुबोधपट महोत्सवाने भारतीय चित्रपटांना प्रमाणपत्राची अट घातली तेव्हा देशभरातल्या दिग्दर्शकांनी एकत्र येऊन ‘विकल्प’ हा समांतर महोत्सव भरवला होता. २०१९ मध्ये केरळच्या महोत्सवात पटवर्धनांचा ‘विवेक’ दाखवण्यासाठी लागणारी सूट केंद्राने नाकारली आणि तिथल्या उच्च न्यायालयात जावे लागले.

आता एक अशी अडचण, जिची चर्चा आपल्याकडे पुरेशी होत नाही. चित्रपटात दिसणे हे चित्रित होणाऱ्यालाच धोक्याचे ठरू लागले आहे. एखादा शाहीर १९९७ मध्ये कॅमेऱ्यासमोर गातो तेव्हा तो त्या गाण्याला, त्या प्रसंगाला आणि त्या दिग्दर्शकाला संमती देत असतो. तेच चित्रण वीस वर्षांनी वेगळ्या कायद्याखाली, वेगळ्या तपासयंत्रणेच्या हाती, चेहरा ओळखणाऱ्या प्रणालीतून पाहिले जाईल, याला त्याने संमती दिलेली नसते, कारण त्याची कल्पनाच कोणाला नसते. कबीर कला मंचाच्या तीन कलाकारांना सप्टेंबर २०२० मध्ये एल्गार परिषद प्रकरणात अटक झाली. तो खटला कोणत्या पुराव्यावर टिकेल किंवा पडेल हे न्यायालय ठरवेल. इथे मुद्दा एवढाच की गाणे आणि सभा हे तपासाचे विषय झाले की पुढच्या वस्तीतला गायक कॅमेऱ्याकडे पूर्वीसारखा पाहत नाही. तमिळनाडूत हाताने मैला साफ करणाऱ्या कामगारांवर ‘कक्कूस’ हा चित्रपट काढणाऱ्या दिग्दर्शिकेवर २०१७ मध्ये गुन्हे दाखल झाले. आणि मग जबाबदार दिग्दर्शक जे करतो ते करणे त्याला भाग असते. तो चेहरे धूसर करतो, नावे बदलतो, गावाचे नाव वगळतो. प्रत्येक वगळण्यासोबत साक्षीचे वजन घटते, कारण साक्ष ही अमुक माणसाने अमुक ठिकाणी दिलेली असते म्हणूनच ती साक्ष असते.

यावर एक वजनदार आक्षेप घेतला जाऊ शकतो, आणि तो टाळून पुढे जाणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. ‘जय भीम कॉम्रेड’वर आंबेडकरी वर्तुळातून टीका झाली, की दलित चळवळीचे मूल्यमापन करण्याचा अधिकार एका सवर्ण, डाव्या विचारांच्या दिग्दर्शकाने गृहीत धरला आहे. आज सोमनाथ वाघमारे भीमा कोरेगाववर आणि चैत्यभूमीवर चित्रपट काढतात, ज्योती निशा आंबेडकरांवर काढतात. त्यासाठी कोणा मध्यस्थाची गरज उरलेली नाही. मग जुन्या पद्धतीचा आधार तुटला तर दुःख कशाचे? आक्षेपातला पहिला भाग मला बराचसा मान्य आहे. चौदा वर्षे थांबता येणे हे पटवर्धनांच्या निष्ठेचे फळ होते, तसेच ते त्यांच्या सामाजिक स्थानाचेही होते. इंग्रजी शिक्षण, शहरात हक्काचे छप्पर, देशोदेशीचे संपर्क आणि खटला लढायला पुढे येणारे नामवंत वकील ही सगळी वारसाहक्काने येणारी भांडवले आहेत. पण नेमके म्हणूनच दुसरा निष्कर्ष निघत नाही. सार्वजनिक आधार काढून घेतल्यावर थांबण्याची क्षमता फक्त वारसदारांकडे उरते. ज्या तरुण आंबेडकरी दिग्दर्शकाने लोकवर्गणीतून पहिला चित्रपट केला, त्याला त्याच वस्तीवर बारा वर्षे काढणे सवर्ण दिग्दर्शकाहून कितीतरी अवघड आहे. कॅमेरा ज्यांच्या हाती यायला हवा होता त्यांच्या हाती तो आला, आणि नेमक्या त्याच काळात वेळ महाग झाला. ही दोन्ही वळणे एकदम आली नसती, तर पुढच्या पिढीची दीर्घ, अंतर्गत, स्वतःच्या चळवळीशीही भांडणारी कामे आपल्याला दिसली असती.

प्रत्येकाच्या हातात मोबाइल आहे, मग नोंद राहणारच, हा दुसरा युक्तिवाद अधिक प्रचलित आणि अधिक कच्चा आहे. उद्या रमाबाई नगरासारखी घटना घडली तर तिच्या शेकडो चित्रफिती निघतील यात शंका नाही. पण ती चित्रफीत पुरावा ठरण्यासाठी १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ प्रमाणे, ती ज्या उपकरणातून निघाली त्यावर ताबा असलेल्या व्यक्तीचे प्रमाणपत्र लागते, फाइलची ‘हॅश’ किंमत नोंदवावी लागते. दहा गटांतून फिरून आलेल्या चित्रफितीचा असा जबाबदार मालक सापडत नाही. सापडला तर तो वस्तीतलाच कोणीतरी असतो आणि त्याला पुढे यायची भीती असते. त्यात आता संगणकाने घडवलेली, खरी भासणारी दृश्ये आली आहेत. ज्याचा उगम सांगता येत नाही असे प्रत्येक खरे दृश्यही त्यामुळे संशयित झाले आहे. अशा वेळी नाव, तारीख, ठिकाण, मूळ चित्रण आणि ते जपणारी ओळखीची व्यक्ती ही पाचही अंगे असलेली नोंद कोणाकडे असते? एकीकडे पोलिसांकडे, दुसरीकडे वाहिन्यांकडे, आणि तिसरीकडे, असला तर, वर्षानुवर्षे तिथे जाणाऱ्या अनुबोधपटकाराकडे. हा तिसरा नाहीसा झाला की वादात दोनच पक्षांचे दस्तऐवज उरतात आणि ज्यांच्यावर गोळी चालली त्यांचा एकही नसतो.

आधी झालेल्या नोंदींची अवस्थाही फार वेगळी नाही. महाराष्ट्रातल्या नामांतराच्या, नर्मदेच्या, गिरणी संपाच्या, सफाई कामगारांच्या लढ्यांचे चित्रण केवळ पटवर्धनांनी केलेले नाही. अतुल पेठे यांनी ‘कचराकोंडी’त पुण्याच्या सफाई कामगारांना दाखवले, त्याखेरीज कितीतरी कार्यकर्त्यांनी, महाविद्यालयीन गटांनी, लग्नाचे व्हिडिओ काढणाऱ्या छायाचित्रकारांनी मोर्चे आणि सभा टिपल्या. १९८० ते २००५ या काळातले हे चित्रण मुख्यतः चुंबकीय फितीवर आहे. यू-मॅटिक, व्हीएचएस, हाय-एट, मिनी डीव्ही. अशी कॅसेट हाती घेऊन झडप उघडून पाहावी. फितीवर पांढुरकी बुरशी दिसते, वास आंबूस येतो. फितीवरचा चुंबकीय थर ज्या बंधकाने चिकटलेला असतो तो हवेतली आर्द्रता शोषून विघटित होतो, फीत चिकट बनते आणि यंत्रात घातल्यावर थर खरवडला जातो. म्हणजे पाहण्याच्या पहिल्याच प्रयत्नात चित्र नष्ट होऊ शकते. कोकण आणि मुंबईच्या हवेत हे अधिक वेगाने होते. शिवाय यंत्रेच उरलेली नाहीत. व्हीएचएसची यंत्रे बनवणाऱ्या शेवटच्या जपानी कंपनीने २०१६ मध्ये उत्पादन थांबवले. ऑस्ट्रेलियाच्या राष्ट्रीय चित्रपट व ध्वनी संग्रहालयाने २०१५ मध्येच इशारा दिला होता, की २०२५ पर्यंत ज्या फितींचे डिजिटल रूपांतर होणार नाही त्यांतल्या बहुतेक हातच्या जातील. ती मुदत आता गेली आहे. आपल्या सरकारी संग्रहालयांचा भर साहजिकच कथाचित्रपटांवर राहिला. कपाटांत आणि पोटमाळ्यांवर पडलेल्या चळवळींच्या फिती कोणाच्याच यादीत नाहीत.

परिणामांचा क्रम त्यामुळे असा संभवतो. आणखी पंधरा वर्षांनी या काळाचा अभ्यास करणाऱ्याला १९८० ते २००५च्या फिती वाचता येणार नाहीत, २००५ नंतरचे बरेचसे चित्रण खराब झालेल्या हार्ड डिस्कवर सापडेल, आणि २०२० नंतरच्या चित्रफितींचा उगम सिद्ध होणार नाही. अधिकृत अहवाल मात्र सुस्थितीत असतील. त्यांतल्या विधानांना प्रश्न विचारण्याजोगे साधन त्याच्याकडे नसेल. हे भाकीत चुकावे अशी माझी मनापासून इच्छा आहे, आणि ते चुकवण्याजोगी काही कामे अजूनही आवाक्यात आहेत. विद्यापीठांच्या ग्रंथालयांनी अनुबोधपटांच्या प्रती पुन्हा विकत घ्याव्यात. दीर्घकालीन चित्रणासाठी राज्य शासनाने वा एखाद्या न्यासाने पाच-सात वर्षांची पाठ्यवृत्ती ठेवावी आणि तिच्या निवडीत ज्या समूहांचे चित्रण व्हायचे आहे त्यांचे प्रतिनिधी असावेत. दिग्दर्शकांनी कच्च्या चित्रणाची एक प्रत वस्तीतल्या विश्वासाच्या संस्थेकडे ठेवावी, आणि ती कोणाला केव्हा दाखवायची याचा अधिकार लेखी करारात त्यांनाच द्यावा.

आणि वाचकांपैकी ज्यांच्या घरी, संघटनेच्या कार्यालयात किंवा दिवंगत नातलगाच्या कपाटात एखाद्या मोर्चाची, परिषदेची, जलशाची कॅसेट असेल, त्यांनी ती स्वतः यंत्रात घालून पाहू नये. ती कोरड्या जागी उभी ठेवावी, तिच्यावर तारीख, ठिकाण आणि चित्रण करणाऱ्याचे नाव लिहावे, आणि फितींचे रूपांतर करणाऱ्या जाणकाराकडे येत्या पावसाळ्याआधी पोहोचवावी.